‘जनजीवन पूर्वपदावर’ हे लिहिण्याआधी : मराठी वृत्तवाहिन्यांच्या संपादकांना खुले पत्र

सर्व मराठी वृत्तवाहिन्यांचे संपादक आणि वार्ताहर यांना,

स.न.वि.वि.

मी वीज मंडळातून निवृत्त झालेला माणूस. एकोणतीस वर्षं सबस्टेशनच्या आवारात गेली, त्यामुळे जगात कुठंही काही झालं की माझी नजर आधी तारांकडे जाते. तुमच्या पडद्यावर एखादं शहर जळताना दिसलं की बायको म्हणते, "अहो, ती माणसं बघा," आणि मी मागच्या मनोऱ्यावरच्या इन्सुलेटरच्या चकत्या मोजत बसलेला असतो. ही खोड आता जायची नाही. पण त्या खोडीपायीच हे पत्र लिहितोय.

तक्रार एका शब्दाची आहे. पूर्वपदावर. पूर ओसरला, दंगल शमली, संप मिटला की तुमच्या खालच्या पट्टीवर येतं, ‘जनजीवन पूर्वपदावर’. आमच्या कृष्णाकाठच्या पुराला तुम्ही हा शब्द लावता तेव्हाही तो खरा नसतो, पण घराघरांतला चिखल किती महिने निघत होता हे बघायला आम्ही इथंच असतो. परदेशातल्या युद्धाचं तसं नाही. परवा एका चर्चेत नकाशा होता, नकाशावर लाल बाण होते, शेजारी दोन निवृत्त अधिकारी बसले होते. युद्ध किती चालेल, असं निवेदिकेनं विचारलं. "फार तर तीन आठवडे, मग सगळं पूर्वपदावर," असं उत्तर आलं आणि जाहिरात लागली.

तीन आठवड्यांत संपलेलं एक युद्ध मला ठाऊक आहे. २० मार्च २००३ ला ते इराकमध्ये सुरू झालं. ९ एप्रिलला बगदादच्या फिरदौस चौकातला सद्दामचा पुतळा पडला. १ मे रोजी अमेरिकेच्या अध्यक्षांनी विमानवाहू जहाजावर उभं राहून भाषण केलं, मागे ‘मिशन अकम्प्लिश्ड’ असा फलक होता. त्या देशातली वीज अजून पूर्वपदावर आलेली नाही.

माझा इराकशी संबंध पोटापाण्याचा. डिप्लोमा करून घरी बसलो होतो. १९८१ मध्ये एका भारतीय कंपनीबरोबर तिकडं गेलो आणि तीन वर्षं नासिरिया-बसरा भागात १३२ केव्हीच्या वीजवाहिनीवर राबलो. इराणशी लढाई सुरू होती, रात्री क्षितिजावर तोफा चमकायच्या, आणि सकाळी आम्ही तारा ओढायला निघायचो. तेलाचा पैसा होता, देश बांधायची घाई होती. आमच्या गँगचा फोरमन इराकी, माझ्याहून दहा वर्षांनी मोठा. दुपारी सामून नावाचा पाव उघडायचा, त्यात उकडलेलं अंडं आणि आंब्याचं पिवळं, आंबट लोणचं भरायचा. त्या लोणच्याला तो ‘अंबा’ म्हणायचा. हा शब्द आमचा, आमच्या मराठीतला, मुंबईहून इकडं आलाय, हे मी त्याला शेकडो वेळा सांगितलं. त्यानं ते शेवटपर्यंत मान्य केलं नाही.

तिथल्या म्हाताऱ्यांना आपला रुपयाही आठवायचा. १९३२ मध्ये दिनार येईपर्यंत तिथं तोच चालत होता. कारण १९१४ मध्ये बसरा घेणाऱ्या इंग्रजांच्या फौजेचं नावच मुळी ‘सहावी (पुणे) डिव्हिजन’. पुढं कूत गावाला तुर्कांनी घातलेल्या वेढ्यात १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी अडकल्या आणि एप्रिल १९१६ मध्ये उपासमारीनं शरण गेल्या. सातारा-रत्नागिरीकडच्या किती घरांत तेव्हा तार आली असेल. १९१७ साली बगदाद घेतल्यावर जनरल मॉड यांनी जाहीरनामा काढला, आम्ही जेते म्हणून नव्हे तर मुक्तिदाते म्हणून आलो आहोत. त्यामुळे २००३ मध्ये तोच शब्द पुन्हा ऐकू आला तेव्हा इराकी माणसाला त्यात नवं काही वाटलं नसावं.

आता विजेचं. हे जरा लांबेल, पण चर्चांमध्ये नेमकं हेच राहून जातं.

इराकची वीज पहिल्यांदा मोडली ती १९९१ मध्ये. कुवेत गिळल्यावर जे युद्ध झालं त्यात वीजकेंद्रांवर ठरवून मारा झाला. काही ठिकाणी तर स्विचयार्डवर, म्हणजे केंद्रातून वीज बाहेर पडते त्या आवारावर, कार्बनचे बारीक तंतू टाकले, म्हणजे सगळं यार्ड शॉर्ट. सुमारे ९,००० मेगावॅट क्षमतेचा देश युद्ध संपताना जेमतेम ४ टक्क्यांवर होता. शिवाय ऑगस्ट १९९० पासून निर्बंध, बाहेरून ट्रान्सफॉर्मरचं एक बुशिंग, चिनी मातीचा सुटा भाग, आणायचीही सोय नाही. तरी काही महिन्यांत शहरांत दिवे परत यायला लागले. कसे? दोन मेलेल्या ट्रान्सफॉर्मरमधून एक जिवंत करायचा, बंद पडलेल्या संचाचे भाग दुसऱ्याला लावायचे, परवानगीची वाट न बघता वेल्डिंग करायचं. हे मी ऐकीव सांगत असलो तरी मला त्याचं नवल वाटत नाही. तिथली माणसं मी काम करताना पाहिली होती. कुठल्या यार्डातला कुठला आयसोलेटर, म्हणजे वाहिनी तोडायचा मोठा खटका, अडकतो आणि कुठं हातोडीनं ठोकला की बसतो, हे कागदावर नसतं. ते तिथल्या वायरमनच्या डोक्यात असतं.

सद्दामचं कौतुक करतोय असं कुणी समजू नये. ती वीज चाबकाखाली आली, आणि आल्यावर राजधानीला लखलखाट आणि बसऱ्याला अंधार अशी वाटणी झाली. हलब्जा या कुर्दी गावावर विषारी वायू सोडणारा माणूस तो. पण केंद्र उभं केलं ते त्यानं नव्हे, अभियंत्यांनी.

२००३ मध्ये वीजकेंद्रांवर बाँब त्यामानानं कमी पडले, पण नंतर जे झालं त्यानं कंबरडं मोडलं. पुतळा पडल्यावर लूट सुरू झाली. तेल मंत्रालयाला पहारा होता. राष्ट्रीय संग्रहालयाला नव्हता, तिथून सुमारे १५,००० वस्तू गेल्या. राष्ट्रीय ग्रंथालय जळलं. हे निदान टीव्हीवर दिसलं. वीजवाहिन्यांचे मनोरे आडवे पाडून, तारा कापून, वितळवून सीमेपार विकल्या गेल्या, ते कुणी दाखवलं नाही. तार चोरणाऱ्याला आपल्याकडे आपण ‘भंगारवाला’ म्हणून सोडून देतो, तसंच.

मग १६ मे रोजी अमेरिकी प्रशासक पॉल ब्रेमर यांचा पहिला आदेश आला. सद्दामच्या बाथ पक्षातले वरचे पदाधिकारी सरकारी नोकरीतून बाद, आणि खात्यांच्या वरच्या तीन थरांत पक्षाचा कुणीही सदस्य नको. एका आठवड्यानं दुसरा आदेश, सैन्य बरखास्त. लाखो माणसं घरी, हत्यारं हातात. दुसऱ्या आदेशावर बरंच लिहून आलंय. मला पहिला जास्त खुपतो. त्या राजवटीत पक्षाचं कार्ड घेतल्याशिवाय बढती मिळत नसे, हे तिथल्या शाळेतल्या पोरालाही माहीत होतं. शिक्षक, डॉक्टर, अभियंते, सगळ्यांकडे कार्ड. ते सरसकट बाहेर काढले आणि मग हजारो मैलांवरून सल्लागार आणले.

आकड्यांचं लक्ष्य मात्र होतं. ६ ऑक्टोबर २००३ ला देशाचं उत्पादन ४,५१८ मेगावॅटवर गेलं, युद्धाआधीच्या वर. पत्रकारांना ते सांगितलं गेलं. आकडा दाखवून झाल्यावर संच देखभालीसाठी बंद करावे लागले आणि उत्पादन पुन्हा घसरलं. पुढच्या उन्हाळ्यापर्यंत ६,००० गाठायचं ठरलं होतं, ते झालं नाही. नवी गॅस टर्बाइन आली, पण त्यांना लागणारा नैसर्गिक वायू पोचवणारी पाइपलाइनच नव्हती, म्हणून ती जड तेलावर चालवली. अशी टर्बाइन किती दिवस टिकते, हे कुठल्याही आयटीआयच्या पोराला विचारा. तेल काढताना निघणारा वायू तिकडं शेताएवढ्या ज्वाळांत जळून जात होता. आजही बराचसा जातो, आणि वीजकेंद्रांसाठी इराक वर्षानुवर्षं शेजारच्या इराणकडून वायू विकत घेत आलाय. दुसरीकडे सीमा उघड्या, आयातशुल्क नाही, त्यामुळे बाजारात एसीचा आणि फ्रिजचा पूर. मागणी फुगली, पुरवठा तिथंच.

२००३ च्याच ऑगस्टमध्ये, १४ तारखेला, न्यूयॉर्कसह अमेरिकेच्या ईशान्य भागात आणि कॅनडात वीज गेली, पाच कोटी माणसं अंधारात. पुलांवरून चालत घरी निघालेली गर्दी रात्रभर टीव्हीवर होती. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी बहुतेकांकडे वीज आली. बगदादचे लोक म्हणे तेव्हा न्यूयॉर्ककरांना सल्ले देत होते, गच्चीवर झोपा, बर्फाची लादी आणा. तेव्हा चोवीस तासांच्या मराठी वाहिन्या नव्हत्या, तुम्ही बहुतेक २००७ नंतरचे. म्हणून तो दोष तुमच्या माथी मारत नाही. पण न्यूयॉर्कचा अंधार दाखवायचा आणि बगदादचा नाही, ही सवय तुम्हाला तिथूनच लागली.

आता जे सांगणार आहे ते पुस्तकातलं नाही. २००९ मध्ये एक पोरगा आमच्या दारात उभा राहिला, हातात माझ्या लग्नाची पत्रिका. आमच्या फोरमनचा पुतण्या. पुण्यात अनेक इराकी मुलं शिकायला येतात, तसा हा आलेला. काकानं ती पत्रिका पंचवीस वर्षं जपून ठेवली होती, आणि तिच्यावरचा कराडचा पत्ता त्यानं एसटीच्या कंडक्टरला दाखवत दाखवत शोधला. सुट्टीला तो आमच्याकडेच यायचा. ही आपल्याकडच्या भारनियमनाची वर्षं. पहिल्याच संध्याकाळी वीज गेली, तो शांतपणे उठला आणि भिंतीवर काहीतरी शोधू लागला. "काय हवंय?" "चेंजओव्हर," तो म्हणाला. शब्द तोच, इंग्रजांकडून दोघांनी उचललेला. त्याच्या घरी प्रत्येक खोलीतलं माणूस एका विजेवरून दुसरीवर नेणारा तो खटका अंधारात शोधू शकतं.

कारण तिथं घराला दोन विजा येतात. एक सरकारी, तिला म्हणतात ‘वतनिया’, म्हणजे राष्ट्रीय. दुसरी गल्लीतल्या जनरेटरवाल्याची, तिला ‘मुवल्लिदा’. जनरेटरवाला वीज युनिटवर विकत नाही, अँपिअरवर विकतो. महिन्याला अमुक अँपिअर, प्रत्येकाचे तेवढे दिनार. मध्यम घर पाच अँपिअर घेतं. म्हणजे साधारण अकराशे वॅट. त्यात दिवे, पंखे, टीव्ही आणि फ्रिज बसतो. कुलर लावला तर फ्रिज बंद करायचा. कुणी चुकून इस्त्री लावली की सगळं घर ट्रिप, आणि मग आई कुणावर ओरडते हे सांगायला नको. जास्त पैसे मोजणाऱ्यांसाठी चोवीस तासांची ‘सोनेरी लाइन’ असते. खांबाखांबावर तारांची अशी जाळी की आकाश दिसत नाही. अर्थिंगचं नाव काढू नका. मी त्याला विचारलं, "काम कोण बघतं?" तर म्हणाला, ज्याच्याकडे पक्कड आहे तो.

वतनिया परत आली की गल्लीतली पोरं ओरडतात, आली, आली. आपल्याकडेही लाइट आली की पोरं असंच ओरडायची. फरक त्यानंच दाखवला. आमच्या स्वयंपाकघरात कॅलेंडरशेजारी वर्तमानपत्रातून कापलेलं भारनियमनाचं वेळापत्रक चिकटवलेलं होतं, आमच्या फिडरचा, म्हणजे आमच्या भागाला वीज आणणाऱ्या वाहिनीचा, गट, सकाळी इतके ते इतके, संध्याकाळी इतके ते इतके. त्यानं ते वाचून घेतलं, मग घड्याळ लावून बसला. सांगितलेल्या वेळेला वीज गेली, सांगितलेल्या वेळेला आली. पाच मिनिटं इकडंतिकडं. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "तुमच्याकडे ती कधी जाणार हे सांगतात?"

संपादकहो, त्या वेळापत्रकापायी मी लोकांच्या शिव्या खाल्ल्यात, एकदा शेतकऱ्यांनी कार्यालयाला कुलूपही ठोकलं होतं. तो कागद कुणाला हेवा वाटावा अशी गोष्ट आहे, हे मला नोकरीच्या पंचविसाव्या वर्षी कळलं.

वीज एकटी जात नाही, हेही तुमच्या बातम्यांत यायला हवं. पंप थांबला की नळ थांबतो, सांडपाण्याचं केंद्र थांबलं की घाण सरळ तैग्रिस नदीत. शुद्धीकरण प्रकल्पाला वीज लागते, रिफायनरीलाही लागते. म्हणून जगातल्या सर्वांत मोठ्या तेलसाठ्यांपैकी एकावर बसलेल्या देशात पेट्रोलला आणि रॉकेलला मैलभर रांगा लागल्या. २०१८ च्या उन्हाळ्यात बसऱ्याच्या पाण्यानं एक लाख अठरा हजारांहून अधिक लोक दवाखान्यात गेले. जी शत्त-अल-अरब नदी आम्ही होडीतून ओलांडायचो, तिचं पाणी समुद्रासारखं खारं झालं होतं. लोक रस्त्यावर आले, वीजमंत्री निलंबित झाले. त्याआधी २०१० मध्येही बसऱ्यात विजेसाठी मोर्चा निघाला होता, गोळीबार झाला होता आणि तेव्हाच्या वीजमंत्र्यांनी राजीनामा दिला होता. मंत्री बदलतात तेव्हा तुम्ही एक ओळ देता. ट्रान्सफॉर्मर बदलला का, हे विचारत नाही.

एक गोष्ट मात्र टिकली, आणि ती रेशन. निर्बंध आल्यावर १९९० मध्ये सुरू झालेली व्यवस्था, पीठ, तांदूळ, साखर, तेल, चहा. गल्लोगल्ली दुकानदार, प्रत्येक घराचं कार्ड. परकी सल्लागारांना ती मोडून रोख पैसे द्यायचे होते, पण कुणाचं धाडस झालं नाही. जानेवारी २००५ च्या निवडणुकीला मतदारयादी कुठून आणायची असा प्रश्न पडला तेव्हा हीच रेशनकार्डं कामाला आली. पीठ मोजणाऱ्या कारकुनाच्या वहीत देश शिल्लक होता. याच्यावर कुणी अर्ध्या तासाचा कार्यक्रम केला तर मी तो जेवण सोडून बघेन.

पैशाचं थोडक्यात. अमेरिकेनं इराकच्या पुनर्बांधणीवर सुमारे ६,००० कोटी डॉलर खर्च केले. तिच्याच खास महानिरीक्षकांनी २०१३ मध्ये हिशेब मांडला, किमान ८०० कोटी वाया. फालुजाचा सांडपाणी प्रकल्प सव्वातीन कोटी डॉलरात सगळ्या शहराला पुरणार होता. तो दहा कोटींच्या वर गेला आणि जेमतेम तिसरा हिस्सा घरांपुरता झाला. खान बनी सादचा तुरुंग चार कोटी खाऊन अर्धवट पडला, एकही कैदी तिथं राहिला नाही. २००३ च्या अखेरीस मंजूर झालेल्या मोठ्या निधीत सर्वांत मोठा वाटा विजेचा होता. पुढच्याच वर्षी त्यातला बराच पैसा बंदोबस्ताकडे वळवला. आपल्याकडच्या जलसंधारणाच्या फायली ज्यांनी पाहिल्यात, त्यांना हे सगळं ओळखीचं वाटेल.

शब्दाला इतकं काय धरून बसायचं, असं कुणी म्हणेल. एप्रिल २००३ मध्ये आपल्या लोकसभेनं त्या हल्ल्याविरुद्ध एकमतानं ठराव केला, तेव्हा हिंदीत शब्द होता ‘निंदा’ आणि इंग्रजीत मुद्दाम त्याहून सौम्य. म्हणजे सरकारला शब्दाचं वजन कळत होतं. जुलैमध्ये अमेरिकेची सैन्य पाठवण्याची मागणीही वाजपेयी सरकारनं नाकारली. नाहीतर पुणे डिव्हिजननंतर पुन्हा आपलीच पोरं त्या वाळवंटात वीजकेंद्राच्या फाटकावर बंदूक घेऊन उभी राहिली असती.

तुमच्यातले काही जण म्हणतील, युक्रेनच्या वेळी आम्ही खूप केलं. केलंत. आपली मेडिकलची मुलं तिथं अडकली होती, त्यांच्या आयांचे फोन तुम्ही दाखवलेत, ते योग्यच. मुलं परत आली आणि युक्रेन पडद्यावरून गेलं. मी मात्र तेव्हापासून त्यांच्या ग्रिडमागं लागलोय. २४ फेब्रुवारी २०२२ ला, हल्ल्याच्या काही तास आधी, त्यांनी चाचणीसाठी आपलं ग्रिड रशियापासून तोडलं होतं. ते पुन्हा तिकडं जोडलंच नाही, आणि १६ मार्चला युरोपच्या ग्रिडशी समक्रमित केलं. वर्षाचं काम तीन आठवड्यांत, बाँब पडत असताना. ज्यानं हे केलं त्या कंट्रोल रूममधल्या माणसाला मला एकदा भेटायचंय. ऑक्टोबर २०२२ पासून त्यांच्या सबस्टेशनवर पुन्हा पुन्हा मारा होतोय, आणि दुरुस्ती करणारी माणसं पुन्हा पुन्हा वर चढताहेत. त्यांचे जुने वायरमन जागेवर होते. कुणी त्यांना आदेश काढून घरी बसवलं नव्हतं. इराक आणि युक्रेन यांच्यात हजार फरक आहेत, मला त्यातला हा एक मोठा वाटतो.

मागणं मोठं नाही. नकाशा दाखवा, बाण दाखवा, त्याला लोक बघतात हे मला कळतं. पण युद्ध थांबल्यावर सहा महिन्यांनी, दोन वर्षांनी, त्याच शहरात एखाद्या माणसाला फोन लावा. बूम घेऊन जायची गरज नाही, आता सगळं व्हॉट्सअॅपवर होतं. वीज किती तास असते विचारा, आणि जाण्याची वेळ ठरलेली असते का, तेही. पाणी कोणत्या मजल्यापर्यंत चढतं? जुना वायरमन कामावर आहे का? तो पगार घेतो की त्यानं जनरेटर टाकलाय? उत्तरं येईपर्यंत ‘पूर्वपदावर’ हा शब्द पट्टीवर घेऊ नका.

आमच्या फोरमनचा पुतण्या आता बसऱ्यात असतो. १२ ऑगस्ट २०२५ ला मध्य आणि दक्षिण इराकमध्ये एकदम वीज गेली, उन्हाळ्याचा भार ग्रिडला पेलला नाही. ती बातमी मला तुमच्याकडे सापडली नाही, म्हणून मी त्यालाच एका शब्दाचा निरोप पाठवला, "वतनिया?" दुसऱ्या दिवशी उत्तर आलं. काका गच्चीवर झोपलाय, मुवल्लिदाचा पट्टा तुटलाय, आणि अंबा फ्रिजबाहेरही टिकतो, काळजी करू नका.

या विषयावर कुणाला काही करायचं असेल आणि फिडर, अँपिअर, आयसोलेटर यांत अडलं, तर मला जरूर विचारा. संध्याकाळी सातनंतर घरीच असतो. गुरुवारी मात्र आमचा फिडर देखभालीसाठी बंद असतो, सकाळी नऊ ते दुपारी दोन.

आपला,
एक निवृत्त उपकार्यकारी अभियंता
ता. कराड, जि. सातारा